कुलूप कोणाचे, किल्ली कोणाची?

(बीड जिल्ह्यातील एका व्याख्यानमालेत झालेल्या भाषणाचा मजकूर)



गेवराई तालुक्यात गोदावरीच्या काठी पांचाळेश्वर नावाचे क्षेत्र आहे. महानुभाव पंथीय त्यास आत्मतीर्थ म्हणतात. श्रीदत्तात्रेय प्रभूंचे हे भोजनस्थान, अशी त्यांची श्रद्धा. जवळच राक्षसभुवन आहे. १७६३ साली थोरल्या माधवराव पेशव्यांनी निजामाच्या फौजेस तेथे धूळ चारली, म्हणून ते गाव इतिहासाच्या पाठ्यपुस्तकात आले. पांचाळेश्वरास मात्र भाविकांखेरीज फारसे कोणी जात नाही. आजचा विषय संगणकाच्या सुरक्षेचा आहे आणि त्याची सुरुवात या क्षेत्रापासून करणे काहींना चमत्कारिक वाटेल. परंतु मराठी भाषेपुरता या विषयाचा उगम महानुभावांच्या पोथ्यांतच आहे.

यादवांचे राज्य कोसळल्यानंतरच्या धामधुमीत महानुभावांनी आपले ग्रंथ सांकेतिक लिपींत लिहिण्यास आरंभ केला. त्यांपैकी सर्वांत प्रसिद्ध ती सकळ लिपी. 'सह्याद्रीवर्णन' लिहिणाऱ्या रवळोबासांनी ती चौदाव्या शतकात सिद्ध केली, असे परंपरा सांगते. पुढे सुंदरी, अंक अशा आणखी लिपी झाल्या. युक्ती साधी होती. एका अक्षराच्या जागी दुसरे ठरावीक अक्षर अथवा चिन्ह योजायचे, आणि ते कोष्टक गुरूने शिष्यास द्यायचे. ग्रंथ अनधिकारी माणसाच्या हाती पडू नये हा हेतू होता, की बदलत्या राजवटीत ते जपण्याची निकड होती, याविषयी अभ्यासकांत एकमत नाही. परिणाम मात्र निर्विवाद आहे. 'लीळाचरित्रा'सारखा मराठी गद्याचा आद्य ठेवा शतकानुशतके मराठी माणसाच्याच दृष्टीआड राहिला. विसाव्या शतकाच्या आरंभी इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी सकळ लिपीचे कोडे उलगडले, आणि एक कोष्टक हाती येताच त्या लिपीत लिहिलेल्या साऱ्या पोथ्या वाचता येऊ लागल्या.

या शेवटच्या वाक्यात सारे मर्म आहे. एक कोष्टक कळले की सगळे उघडे. कुलूप बनविण्याची रीतच गुप्त ठेवली, तर ती रीत फुटते त्या दिवशी त्या रीतीची सगळी कुलपे एकदम निकामी होतात.

कौटिल्याच्या अर्थशास्त्रात हेरांनी बातमी संज्ञालिपीने पाठवावी असे सांगितले आहे. वात्स्यायनाच्या चौसष्ट कलांत 'म्लेच्छितविकल्प' ही सांकेतिक भाषणाची कला गणली आहे. करपल्लवी, नेत्रपल्लवी, अंकपल्लवी हे शब्द तर आपल्या आजीआजोबांच्या बोलण्यात होते. ही परंपरा अभिमानास्पद आहेच. पण तिच्या बळावर आजची पेढी सुरक्षित होत नाही. १८८३ साली ऑग्युस्त केर्कहॉफ्स या डच भाषाशास्त्रज्ञाने एका फ्रेंच लष्करी नियतकालिकात जे तत्त्व मांडले, ते आजच्या सर्व सांकेतिक विद्येचा पाया आहे. कुलपाची सारी रचना शत्रूला ठाऊक आहे असे धरूनच ते बनवावे. गुप्त राहावी ती केवळ किल्ली.

सातबारावरील सही

हा विषय बीडच्या माणसाच्या दाराशी आला तो सातबाराच्या रूपाने.

ज्या जिल्ह्यातून दरवर्षी दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीसाठी बैलगाड्या, ट्रॅक्टर भरभरून माणसे पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात जातात, त्या जिल्ह्यात जमिनीच्या कागदाचे महत्त्व निराळे सांगायला नको. सहा महिने घराला कुलूप असते. मागे शेत असते आणि त्या शेतावरचा हक्क सांगणारा एक कागद असतो. पूर्वी पीककर्जासाठी किंवा विम्यासाठी उतारा हवा झाला, की कऱ्हाडच्या फडातून उठून केज-धारूरच्या सज्जात येऊन तलाठ्याची वाट पाहावी लागे. २०१८ च्या महाराष्ट्रदिनी राज्य शासनाने डिजिटल स्वाक्षरी असलेला सातबारा सुरू केला, आणि पंधरा रुपयांत तो कोठूनही मिळू लागला. शाईची सही नाही, शिक्का नाही. राज्यातील सुमारे अडीच कोटी उताऱ्यांचा हा व्यवहार आहे. पीकविम्याचा जो 'बीड पॅटर्न' २०२० च्या खरिपापासून देशभर गाजला, तोही शेवटी सातबारा कोणाच्या नावे आहे या प्रश्नावरच उभा आहे.

मग शाईची सही जाऊन त्या जागी नेमके काय आले?

छत्रपती शिवाजी महाराजांच्या पत्राच्या माथ्यावर मुद्रा असे आणि शेवटी मर्यादा दाखविणारे मोर्तब असे. मुद्रेवरून पत्र कोणाचे ते कळे. मोर्तबामुळे मजकूर येथे संपला, यापुढे कोणी एक ओळही वाढवू नये, हे कळे. लांबलचक महजरांच्या कागदांना जेथे जोड असत, त्या जोडांवरही शिक्के उठवीत, म्हणजे मधला बंद कोणास बदलता येऊ नये. डिजिटल स्वाक्षरी ही दोन्ही कामे एकदम करते. आधी सगळ्या मजकुराचा गणिती ठसा काढला जातो. तो ठसा लहान असतो, पण उताऱ्यातील क्षेत्राचा एक आकडा बदलला तरी ठसा ओळखू येणार नाही इतका बदलतो. मग तलाठ्याच्या खासगी किल्लीने त्या ठशावर क्रिया होते, ती सही. पडताळणारा तलाठ्याची जाहीर किल्ली वापरून उलट क्रिया करतो. दोन्ही ठसे जुळले तर कागद खरा.

येथे दोन किल्ल्या लागतात. एक लपवायची, दुसरी जगाला वाटायची. लहान आकड्यांनी हे समजून घेता येईल. ५ आणि ११ या दोन मूळसंख्या घ्या. त्यांचा गुणाकार ५५. दोन्हींतून एक एक वजा करून गुणाकार केला की ४०. जाहीर किल्ली ३ ठरवली, तर खासगी किल्ली अशी हवी की जिला ३ ने गुणून ४० ने भागले असता बाकी १ उरावी. ती संख्या २७, कारण सत्तावीस त्रिक एक्क्याऐंशी. आता उताऱ्याचा ठसा ८ आहे असे समजा. तलाठी ८ चा सत्ताविसावा घात करून ५५ ने भागतो. बाकी २ उरते. ही २ त्याची सही. पडताळणाऱ्याने २ चा घन करायचा, ८ येतात. जुळले. ज्याच्यापाशी २७ नाही त्याला २ काढता येत नाही, आणि २७ काढायचे तर ५५ चे अवयव पाडावे लागतात. पंचावन्नचे अवयव चौथीचा मुलगा पाडील. प्रत्यक्षात ती संख्या ६१७ अंकी असते, आणि तिचे अवयव पाडणे आजच्या कोणत्याही संगणकास साधलेले नाही. १९७७ साली रिव्हेस्ट, शामीर आणि ॲडलमन या तिघांनी अमेरिकेत ही पद्धत मांडली. ब्रिटनच्या हेरखात्यातील क्लिफर्ड कॉक्स याने ती १९७३ मध्येच शोधली होती, परंतु सरकारी गुप्ततेमुळे ते १९९७ पर्यंत उजेडात आले नाही.

आणि ते २७ काढायचे कसे? 'इतक्याने गुणून इतक्याने भागले असता बाकी इतकी उरावी, तर ती संख्या कोणती', हा प्रश्न आपल्या गणितज्ञांना चांगला परिचित होता. आर्यभटाने तो सोडविला, आणि शके १०३६ मध्ये, म्हणजे इ. स. १११४ मध्ये, जन्मलेल्या भास्कराचार्यांनी 'लीलावती' आणि 'बीजगणित' या दोन्हींत त्यासाठी कुट्टकाचे स्वतंत्र प्रकरण लिहिले. नावातील साम्यावरून भास्कराचार्यांच्या गावाचा मान बीडला देणारेही भेटतात. त्यांच्या नातवाने, चांगदेवाने, त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापल्याचा शके ११२८ चा शिलालेख मात्र चाळीसगावजवळच्या पाटण येथे आहे. कुट्टक हा ग्रहगणितासाठी होता. त्यावरून डिजिटल सही आमच्या पूर्वजांना ठाऊक होती असे कोणी म्हणू लागला, तर तो भास्कराचार्यांचे हसे करतो. मात्र तलाठ्याची खासगी किल्ली तयार करताना यंत्र जी क्रिया करते ती कुट्टकाचीच आहे, एवढे निःसंकोच सांगता येते. मूळसंख्यांच्या बाबतीत तर फार मागे जाण्याचेही कारण नाही. २००२ च्या ऑगस्टमध्ये आयआयटी कानपूरच्या मणींद्र अगरवाल, नीरज कयाल व नितीन सक्सेना या तिघांनी दिलेली संख्या मूळ आहे की नाही हे खात्रीने आणि तर्कशुद्ध वेगाने ठरविण्याची रीत शोधली आणि जगातील गणितज्ञांनी तिचे स्वागत केले.

खिडकीपलीकडचा शिक्का

तलाठ्याच्या खिशात एक लहानसे टोकन असते, ज्याला कचेरीत सगळे डोंगल किंवा डीएससी म्हणतात. खासगी किल्ली त्या टोकनच्या आतच असते आणि बाहेर कधीच येत नाही. मग सातबाराच्या आज्ञावलीला सही मिळते कशी? येथे संगणकाची कार्यप्रणाली, म्हणजे विंडोज किंवा लिनक्स, मध्ये येते.

जिल्हा कोषागाराची खिडकी आठवा. आपण कागद आत सरकवितो, आतला अधिकारी शिक्का मारून परत देतो. शिक्का कपाटात कोठे आहे, कपाटाची किल्ली कोणापाशी आहे, हे बाहेरच्याला कळत नाही आणि कळूही नये. कार्यप्रणालीत अशीच एक खिडकी असते. आज्ञावली लिहिणाऱ्याने स्वतः गणित करीत बसू नये, किल्ली हाताळू नये. फक्त ठरलेल्या शब्दांत मागणी करावी, 'हा ठसा घे, अमक्याच्या किल्लीने सही करून दे.' कार्यप्रणाली टोकनशी बोलते, पिन विचारते आणि सही आणून देते. विंडोजमधील या खिडकीस क्रिप्टो-एपीआय असे नाव आहे. १९९६ च्या विंडोज एनटी ४.० बरोबर ती आली, आणि २००७ च्या व्हिस्टापासून तिची सुधारलेली आवृत्ती मिळू लागली. पेढीचा व्यवहार, आयकराचे विवरण, निविदा, सातबारा, सगळे या किंवा अशाच खिडक्यांतून जाते.

ही रचना शास्त्रदृष्ट्या उत्तम आहे. आज्ञावली लिहिणाऱ्या प्रत्येकाने आपापले कुलूप घडवायचे ठरविले असते तर अनर्थ झाला असता. पण खिडकी एकच म्हटली, की ती खिडकी कोणाच्या घराची हा प्रश्न येतो.

हा प्रश्न काल्पनिक नाही. त्या सुरुवातीच्या वर्षांत अमेरिकेचा कायदा बळकट सांकेतिक विद्येला शस्त्रास्त्रांच्या यादीत धरीत असे, आणि परदेशी विकल्या जाणाऱ्या आज्ञावलींत किल्लीची लांबी ४० बिटांपर्यंत मर्यादित ठेवली जाई. क्रिप्टो-एपीआयच्या खिडकीमागे बसविल्या जाणाऱ्या प्रत्येक सांकेतिक घटकावर मायक्रोसॉफ्टची सही असणे बंधनकारक होते. म्हणजे पुण्यातील एखाद्या अभियंत्याने स्वतःचे उत्तम कुलूप घडविले, तरी आपल्याच संगणकाच्या दारावर ते बसविण्यासाठी त्याला रेडमंडची संमती लागे. १९९९ साली या सह्या तपासणाऱ्या भागात 'एनएसएकी' अशा नावाची दुसरी किल्ली एका संशोधकास आढळली आणि जगभर खळबळ उडाली. अमेरिकन हेरसंस्थेचा त्या किल्लीशी संबंध असल्याचे मायक्रोसॉफ्टने नाकारले, आणि तसा संबंध कोणी सिद्धही केला नाही. २००० साली निर्यातीचे निर्बंध सैल झाले, पुढे सहीची अटही उरली नाही.

जे सिद्ध झाले आहे ते अधिक गंभीर आहे. स्वित्झर्लंडच्या त्सुग येथील क्रिप्टो एजी ही कंपनी अनेक दशके शंभराहून अधिक देशांना सांकेतिक यंत्रे विकत होती. तटस्थ देश, नावाजलेली कंपनी, म्हणून सरकारे निर्धास्त होती. २०२० च्या फेब्रुवारीत 'वॉशिंग्टन पोस्ट' आणि जर्मन दूरचित्रवाणीने उघड केले की १९७० पासून ही कंपनी अमेरिकेच्या सीआयए आणि पश्चिम जर्मनीच्या हेरसंस्थेने गुप्तपणे विकत घेतलेली होती. यंत्रे मुद्दाम पोकळ ठेवली जात. ग्राहकांच्या यादीत पाकिस्तान होता, आणि भारतही होता.

आपल्या घरातील भेग

येथपर्यंत ऐकून कोणाच्याही मनात येईल की सगळे स्वदेशी करा म्हणजे प्रश्न मिटला. दिशा बरोबर आहे, पण वाट तितकी सोपी नाही, आणि कार्यकर्त्याने ती नीट पाहिली पाहिजे.

१७ ऑक्टोबर २००० रोजी माहिती तंत्रज्ञान कायदा अमलात आला आणि डिजिटल स्वाक्षरीला कायद्याची मान्यता मिळाली. त्यासाठी प्रमाणन प्राधिकरण नियंत्रकांचे कार्यालय स्थापन झाले. तेथे देशाची मूळ किल्ली असते. त्या किल्लीने प्रमाणपत्र देणाऱ्या संस्था प्रमाणित होतात, त्या संस्था तलाठ्यास प्रमाणपत्र देतात, आणि तलाठी उताऱ्यावर सही करतो. गुरुपरंपरेसारखी ही साखळी आहे. कोणत्या परंपरेवर विश्वास ठेवायचा याची यादी मात्र प्रत्येक कार्यप्रणालीच्या पोटात असते. भारताची मूळ किल्ली विंडोजच्या त्या यादीत होती, म्हणजे जगातील कोणताही विंडोज संगणक आपल्या संस्थांच्या प्रमाणपत्रावर विश्वास ठेवीत असे. मोठाच मान होता तो.

२०१४ च्या जुलैमध्ये काय झाले? राष्ट्रीय सूचना विज्ञान केंद्राच्या, म्हणजे एनआयसीच्या, प्रमाणपत्र शाखेकडून गूगलच्या नावे बनावट प्रमाणपत्रे निघाल्याचे २ जुलै रोजी गूगलच्या लक्षात आले. अशा प्रमाणपत्राच्या आधारे कोणीही स्वतःस गूगल म्हणवून लोकांचा पत्रव्यवहार वाचू शकला असता. प्रमाणपत्र देण्याच्या प्रक्रियेतच कोणीतरी शिरकाव केला होता. नियंत्रक कार्यालयाने एनआयसीची प्रमाणपत्रे तत्काळ रद्द केली. मायक्रोसॉफ्टने आपल्या यादीतून ती काढली, आणि गूगलने भारतीय मूळ किल्लीचा अधिकार आपल्या ब्राउझरपुरता मोजक्या भारतीय संकेतस्थळांवर आणून ठेवला. विश्वासाची यादी परक्याच्या हाती होती हे खरे. पण भेग आपल्या घरात पडली होती आणि ती परक्याने दाखविली, हेही तितकेच खरे. यातील एकच अर्धा भाग सांगणारी भाषणे आपल्याकडे पुष्कळ होतात.

आजही अनेक संगणकांवर सातबाराची प्रत उघडली की सहीच्या जागी पिवळे प्रश्नचिन्ह दिसते. माणूस घाबरतो, सेवा केंद्रावरचा मुलगा सांगतो, 'काका, ते तसंच असतं.' ते तसेच असते, कारण प्रत दाखविणाऱ्या आज्ञावलीच्या यादीत भारताची मूळ किल्ली नसते. सहीचे गुणधर्म उघडून ती एकदा विश्वासू म्हणून नोंदविली, की प्रश्नचिन्ह जाऊन हिरवी खूण येते. खोट्या उताऱ्यावरही प्रश्नचिन्हच येऊ शकते. दोन्ही सारखे दिसत असतील तर पडताळणीला अर्थ काय राहिला? पेढीतील साहेब शेवटी कागद पाहून नव्हे, माणूस पाहून होय म्हणतात. सहीची सारी गणिती खटपट त्या एका पिवळ्या खुणेपाशी वाया जाते.

मुक्त आज्ञावलीच्या बाबतीतही डोळे उघडे ठेवावे लागतात. डेबियन ही लिनक्सची जगन्मान्य आवृत्ती. तिच्या सांकेतिक भागातील यादृच्छिक आकडे गोळा करणारा एक बारीक धागा २००६ साली एका स्वयंसेवकाने निरुपद्रवी समजून काढून टाकला. परिणामी ज्या किल्ल्या अगणित असायला हव्या होत्या त्या प्रत्येक प्रकारात सुमारे ३२ हजारांवर आल्या. एका दुपारी सगळ्या तपासता याव्यात इतक्या. सर्वांना उघडा असलेला मजकूर, आणि मे २००८ पर्यंत ही गोष्ट कोणाच्या ध्यानी आली नाही. मजकूर उघडा असणे निराळे आणि कोणी तो वाचणे निराळे. मायक्रोसॉफ्टच्या बंद दाराआडही १४ जानेवारी २०२० रोजी असाच प्रकार उघड झाला. विंडोज १० मधील क्रिप्टो-एपीआय एका प्रकारच्या प्रमाणपत्राची किल्ली तपासत असे, पण ती कोणत्या गणिती वक्रावरून आली हे पुरते तपासत नसे. त्यामुळे हुबेहूब खोटी सही करणे शक्य होते. ही चूक कळवली ती अमेरिकेच्या एनएसएने. हेरसंस्थेने स्वतः होऊन सांगितले म्हणून सर्वांनी कौतुक केले. ती चूक त्यांना केव्हापासून ठाऊक होती, हे मात्र त्यांनी सांगितले नाही.

आपल्या देशात या बाबतीत काम झालेच नाही असे नाही. पुण्यात मुख्यालय असलेल्या सी-डॅकने, ज्या संस्थेने १९९१ साली परम ८००० हा महासंगणक उभा केला, तिच्या चेन्नई केंद्रातून २००७ साली 'बॉस' ही भारतीय कार्यप्रणाली दिली. मराठीसह भारतीय भाषा तिच्यात होत्या. सरकारी कचेऱ्यांनी तिचे स्वागत परिपत्रकातून केले आणि वापर विंडोजचा चालू ठेवला. २०२३ साली संरक्षण मंत्रालयाने आपल्या संगणकांवर विंडोजच्या जागी 'माया' ही कार्यप्रणाली आणि तिच्या जोडीला 'चक्रव्यूह' ही रक्षणव्यवस्था बसविण्याचे ठरविले. डीआरडीओ, सी-डॅक आणि एनआयसी यांचे हे काम. बॉस डेबियनवर बेतलेली आहे, माया उबुंटूवर. यात कमीपणा काहीच नाही. बियाणे कोठून आले यापेक्षा ते तपासून, निवडून, आपल्या रानात वाढविण्याचे ज्ञान आपल्यापाशी आहे की नाही, हे महत्त्वाचे. डेबियनमधली २००६ ची ती ओळ उद्या पुन्हा कोणी काढली, तर ती पाहणारे डोळे भारतात किती आहेत, यावर बॉस आणि माया यांचे स्वदेशीपण ठरेल. ते डोळे अंबाजोगाईच्या अभियांत्रिकी महाविद्यालयातून का निघू नयेत? आमची मुले उत्तम वेतनावर दुसऱ्यांची आज्ञावली जोडण्यात तरबेज झाली आहेत. आपल्या देशाची कुलपे वाचण्याचे काम मानाचे आहे, हे त्यांना घरी कोणी सांगितलेले नसते.

आणि कुलूप शाबूत असूनही घर लुटले जाते, याचे उदाहरण पुण्याचेच आहे. १९०६ साली स्थापन झालेल्या कॉसमॉस सहकारी बँकेवर ११ ऑगस्ट २०१८ या शनिवारी हल्ला झाला. चोरांनी कोणतीही किल्ली गणिताने फोडली नाही. एटीएममधून आलेली मागणी ज्या यंत्रणेतून बँकेच्या मूळ संगणकाकडे जायची, तिच्या जागी त्यांनी आपली बनावट यंत्रणा उभी केली. मागणी आली की ती परस्पर 'मंजूर' म्हणे. काही तासांत २८ देशांतील एटीएममधून बनावट कार्डांनी पैसे निघाले. सोमवारी १३ तारखेस स्विफ्टमार्फत आणखी रक्कम हाँगकाँगला गेली. एकूण ९४ कोटी ४२ लाख रुपये. पुण्याच्या न्यायालयाने २०२३ साली अकरा जणांस शिक्षा ठोठावली. शिक्षा झाली ती बहुतांशी कार्डे घेऊन एटीएमसमोर उभे राहणाऱ्यांना. सूत्रधार सीमेपलीकडेच राहिले.

सज्जातील परिस्थिती याहून वेगळी नाही. तलाठ्याकडे दोन-तीन गावे, वर पंचनामे, निवडणूक, अनुदानाच्या याद्या. म्हणून टोकन आणि पिन दोन्ही खासगी संगणक चालकाच्या हाती देऊन साहेब पंचनाम्याला जातात, असे प्रकार कोणत्याही जिल्ह्यात ऐकू येतात. ६१७ अंकी संख्येचे बळ त्या क्षणी एका पिनपुरते उरते, आणि तो पिन टेबलावरच्या चिठ्ठीवर लिहिलेला असतो. फडावर गेलेल्या माणसाच्या शेताचा फेरफार त्याच्या अनुपस्थितीत झाला, तर कायद्याच्या दृष्टीने सही तलाठ्याचीच. शाईच्या सहीबाबत 'हे हस्ताक्षर माझे नाही' असे म्हणता येते. येथे हस्ताक्षर नेहमीच हुबेहूब असते.

गावोगावच्या आपल्या सेवा केंद्रांवर आणि पतसंस्थांत जाणाऱ्या कार्यकर्त्यांनी दोन गोष्टी मुद्दाम पाहाव्यात. पहिली, संगणकावरची विंडोज विकत घेतलेली आहे की कोणी फुकट टाकून दिलेली. फुकट टाकून देणारा खिडकीमागे आपला माणूस बसवून जात नाही, याची हमी कोण देणार? दुसरी, ती आवृत्ती अद्याप जिवंत आहे का. विंडोज ७ ची सामान्य दुरुस्ती १४ जानेवारी २०२० ला थांबली, विंडोज १० ची १४ ऑक्टोबर २०२५ ला. यंत्र चालू राहते, म्हणून कोणाला काही वाटत नाही. ज्या केंद्रांना नवीन यंत्र परवडत नाही, तेथे बॉस किंवा दुसरी एखादी लिनक्स बसवून देणारे दोन तरुण तालुक्यात तयार झाले, तर ते काम शाखेच्या एखाद्या उपक्रमाइतकेच मोलाचे ठरेल. सगळ्या टोकनचे चालक-घटक लिनक्सवर नीट चालत नाहीत, ही अडचण त्यांना सोसावी लागेल.

एक गोष्ट राहिली. अवयव पाडणे अवघड, या एकाच आधारावर आजची बहुतेक सही उभी आहे. पुरेशा मोठ्या क्वांटम संगणकावर ते सोपे होईल, हे पीटर शॉर याने १९९४ मध्येच सिद्ध केले. तसा संगणक अद्याप बनलेला नाही. तरीही अमेरिकेच्या मानक संस्थेने २०२४ च्या ऑगस्टमध्ये नव्या प्रकारच्या कुलपांची मानके प्रसिद्ध केली, आणि भारताने २०२३ च्या एप्रिलमध्ये ६००० कोटी रुपयांहून अधिक तरतुदीचे राष्ट्रीय क्वांटम मिशन मंजूर केले. पेढीचा आजचा व्यवहार उद्या जुना होतो. जमिनीचा कागद तसा नाही. निजामाच्या काळातील नोंदी काढून आजही बीडच्या न्यायालयात दावे चालतात. आज सही झालेला उतारा नातवाच्या काळातही पडताळता यायचा असेल, तर जुनी सही दुर्बळ होण्याआधी नव्या किल्लीने त्यावर पुन्हा सही व्हावी लागेल, त्या वेळी तलाठ्याचे टोकन, कार्यप्रणालीतील खिडकी आणि विश्वासाची यादी ही तिन्ही बदलावी लागतील. अडीच कोटी उतारे आहेत. ते काम करणारी पिढी आज परळी-माजलगावच्या शाळांत सातवी-आठवीत बसलेली आहे.